पडदा, बुरखा आणि पदर

पुण्याहून नाशिकच्या रस्त्यानें निघालें म्हणजे खेडचा घाट चढल्यावर पेठ हें गांव लागतें. पुढें मंचर व नारायणगांव. तेथून पश्चिमेस वळलें कीं जुन्नर, आणि जुन्नरापलीकडे घाटघराजवळ सह्याद्रीच्या कड्यावर नाणेघाट. प्रस्तुत लेखकाचें राहणें पेठेस असल्यामुळें ही वाट त्याच्या नित्य परिचयाची आहे, आणि या लेखाचा विषयही त्यास याच वाटेवर सुचला.

नाणेघाटाच्या माथ्याशीं जी कोरीव गुहा आहे, तिच्या मागच्या भिंतीवर सातवाहन राजकुलांतील व्यक्तींच्या मूर्ति होत्या. आज त्यांपैकीं एकीचेंही मुख शिल्लक नाहीं; कोठें कोठें पायांच्या खुणा तेवढ्या राहिल्या आहेत. मूर्तींच्या माथ्यावरील ब्राह्मी अक्षरें मात्र वाचतां येतात. राजा सिमुक सातवाहन, देवी नायनिका व राजा श्रीसातकर्णि, कुमार भाय, महारठी त्रणकयिर, कुमार हकुसिरि, कुमार सातवाहन, अशीं तीं नांवें आहेत. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धांत कर्नल साइक्स यानें हे लेख उजेडांत आणले, भगवानलाल इंद्रजी यांनीं त्यांचा अभ्यास केला आणि १८८३ सालीं ब्यूलरनें त्यांचें संपादन केलें. बाजूच्या भिंतींवरील मोठ्या लेखांत दोन अश्वमेध, राजसूय व इतर यज्ञ आणि त्यांत दिलेल्या गाई व कार्षापण यांची मोजदाद आहे. आणि त्याच लेखांत राणीचें वर्णन मासोपवासिनी, घरांत तापसीप्रमाणें राहणारी, ब्रह्मचर्य आचरणारी असें आलें आहे. ज्या वाटेनें कोंकणांतून घाटावर मालाचे तांडे चढत, त्या वाटेच्या तोंडाशीं एका राजस्त्रीचें नांव व तिचें व्रतस्थ जीवित अशा रीतीनें पाषाणांत कोरून ठेवलें गेलें. काळानें मुख नेलें, नांव ठेवलें. एरवीं आपल्या जुन्या घराण्यांच्या वंशावळींत याच्या उलट प्रकार आढळतो. तेथें स्त्रीचें नांवच गाळलेलें असतें व ‘अमक्याची कन्या’ किंवा ‘तमक्याची स्त्री’ इतकेंच राहतें. तेव्हां झांकणें म्हणजे नेमकें काय झांकणें, हा प्रश्न त्या गुहेंत उभें राहिल्यावर मनांत आल्यावांचून राहत नाहीं.

मुखाच्छादनाविषयीं आजवर जो वाद झाला तो बहुधा एकाच गोष्टीचा झाला. कोणी म्हणतात, ही चाल मुसलमानी अमलाबरोबर आली. कोणी म्हणतात, ती आपल्याकडे प्राचीन काळापासून होती. दोन्ही पक्ष वस्त्र केव्हां आलें एवढेंच विचारतात. तें वस्त्र पाहणारास काय सांगत होतें, हें विचारलें असतां निराळाच मार्ग दिसतो, आणि त्याचें पहिलें साधन आपल्या बोलण्यांतच आहे. मराठींत या कामीं तीन शब्द विशेष रूढ आहेत. ‘पडदा’ हा फारसींतून आला. गोष्ट पडद्याआड होते, एखाद्या प्रकरणावर पडदा टाकतात, मित्रामित्रांत पडदा नसावा असें म्हणतात. सारांश, पडदा गुप्ततेचा. ‘बुरखा’ अरबी. ढोंगाचा बुरखा असतो आणि तो फाडावयाचा असतो; म्हणजे बुरखा अपराधाचा. ‘पदर’ मात्र यांपैकीं कशाचाच नव्हे. मुलीस पदर येतो, तेव्हां ती वयांत आलेली असते. सोयरीक जुळवितांना दोन घराण्यांचा पदर लागतो कीं नाहीं हें पाहतात. सरदाराच्या पदरीं माणसें असतात. संकटांत पदर पसरतात. दुसऱ्याच्या कामीं स्वतःच्या पदरास खार लावून घेतात. वय, कुळ, आश्रय, याचना, स्वतःचें द्रव्य, इतक्या गोष्टी त्या एका वस्त्राच्या टोंकास बांधलेल्या आहेत, आणि त्यांत लपविण्याचा अर्थ जवळजवळ नाहीं. पदर माणूस कोण आहे तें सांगतो. भाषेनें गुप्तता व अपराध हे बाहेरून आलेल्या शब्दांच्या वांट्यास दिले आणि ओळख आपल्या लुगड्याच्या टोंकास ठेवली, असें प्रस्तुत लेखकास वाटतें.

शब्द परका म्हणून वस्तुही परकी, असा याचा अर्थ कोणी घेऊं नये. पाणिनीच्या सूत्रावर काशिकाकारांनीं दिलेलें ‘असूर्यंपश्या’ राजस्त्रियांचें उदाहरण सर्वश्रुत आहे. ज्यांना सूर्यही दिसत नाहीं अशा त्या. रामायणाच्या युद्धकांडांत रावण पडल्यावर मंदोदरी शोक करीत रणभूमीवर येते, आणि आपण अवगुंठनावांचून पायीं चालत नगराबाहेर आलों तरी तुम्हीं रागावत कसे नाहीं, असें मृत पतीस विचारते. येथें अवगुंठन लज्जेपेक्षां पदवीचें चिन्ह अधिक आहे. पति गेला, पदवी गेली, वस्त्र गळलें. याच कांडांत पुढें राम सीतेस झांकल्या पालखींतून न आणतां सर्वांसमक्ष पायीं आणण्याची आज्ञा करतो. संकटांत, युद्धांत, स्वयंवरांत, यज्ञांत व विवाहांत स्त्रीचें दर्शन दोषास्पद नाहीं असें तिचें कारण देतो, आणि लगेच तिच्या शुद्धतेविषयीं शंका घेतो. सर्वांनीं पाहिलें तरी संशय फिटला नाहीं. त्यासाठीं अग्नीच लागला. भासाच्या म्हणून समजल्या जाणाऱ्या व गणपतिशास्त्र्यांनीं त्रिवेंद्रमहून प्रसिद्ध केलेल्या नाटकांपैकीं ‘प्रतिमा’ नाटकांतही वनास निघतांना राम सीतेस अवगुंठन दूर करण्यास सांगतो. तेथें भाव निराळा आहे. प्रजेनें तिला डोळे भरून पाहावें, एवढाच त्याचा हेतु. एकाच राजपुत्राच्या तोंडीं जवळजवळ तोच नियम, एकदां मायेनें व एकदां संशयानें आलेला पाहून वाचकानें थोडें थांबावें.

कालिदासाचा पांचवा अंक या दृष्टीनें पुन्हा वाचण्यासारखा आहे. शकुंतला अवगुंठन घेऊन दुष्यंताच्या सभेंत येते. वस्त्राआडून तिचें रूप पुरतें दिसत नाहीं, तेव्हां ही कोण असा प्रश्न राजास पडतो. गौतमी पुढें होऊन तें वस्त्र दूर करते. आतां तरी पति ओळखील, अशी त्या वृद्धेची भाबडी समजूत. राजा पाहतो, रूपानें चकितही होतो, पण ओळखत नाहीं. ओळख पटते ती पुढें, कोळ्यास माशाच्या पोटांत सांपडलेल्या मुद्रिकेनें. कागदपत्रें हाताळणारांस यांत नवल वाटूं नये. नुसत्या हस्ताक्षरावर आपण तरी कोठें विसंबतों? शिक्कामोर्तब पाहतों. परंतु महाभारताच्या आदिपर्वांतील मूळ कथेंत शापही नाहीं व मुद्रिकाही नाहीं. तेथें राजास सर्व आठवत असतें आणि तो जाणूनबुजून नाकारतो. आणि शकुंतला त्यास भर सभेंत खडे बोल ऐकवते. अपराध कोणाचा याविषयीं तेथें तिळमात्र संदेह नाहीं. कालिदासानें शकुंतलेच्या मुखावरचें अवगुंठन काढलें आणि तें दुर्वासाच्या शापाच्या रूपानें राजाच्या अपराधावर घातलें. नाटक त्यामुळें सुंदर झालें हें खरें. पण कोणाचें काय झांकलें गेलें तें विसरूं नये.

मुख उघडें असलें म्हणजे ओळख पटतेच असें नाहीं, याचें आपल्या इतिहासांतील उदाहरण तोतयाचें. १७६१ च्या जानेवारींत पानिपतावर सदाशिवरावभाऊ पडले. पुढें आपणच भाऊ असें म्हणणारा इसम निघाला. त्यास धरून रत्नागिरीस कैदेंत ठेवलें होतें. १७७६ सालीं तेथील सुभेदारानेंच त्याची सुटका केली आणि पाहतां पाहतां कोंकणांत मोठें बंड उभें राहिलें. वर्षाअखेरीस पुण्यांत त्यास देहान्त शासन झालें. या माणसानें तोंडावर कांहींही घेतलें नव्हतें. हजारों लोकांनीं त्यास उघड पाहिलें, आणि ज्यांना भाऊ हवे होते त्यांना तो भाऊ दिसला. न. चिं. केळकरांनीं या प्रसंगावर ‘तोतयाचें बंड’ हें नाटक लिहिलें, तें प्रसिद्धच आहे. त्यापेक्षां विचार करण्याजोगी गोष्ट पार्वतीबाईंची. तोतयास शिक्षा झाल्यानंतरही या बाईंनीं वैधव्याचीं चिन्हें धारण केलीं नाहींत; १७८३ सालीं त्या वारल्या तोंपर्यंत कपाळीं कुंकू होतें. दरबारानें निर्णय दिला, पण ती ओळख त्यांनीं दरबाराच्या स्वाधीन केली नाहीं.

‘मृच्छकटिक’ नाटकांत अवगुंठन काढलें जात नाहीं, बहाल केलें जातें. मदनिका दासीपणांतून सुटते तेव्हां तिला तें मिळतें. आणि दहाव्या अंकांत, राज्यक्रांति झाल्यावर, नव्या राजाच्या वतीनें वसंतसेनेस ‘वधू’ ही पदवी देऊन शर्विलक तिच्या अंगावर अवगुंठन घालतो. गणिकेचें मुख सर्वांनीं पाहावें हा तिचा धंदा; कुलवधूचें कोणी पाहूं नये हा तिचा मान. राजाज्ञेनें एक वस्त्र पडलें आणि तीच स्त्री दुसरी झाली. शूद्रकानें यांत उपहास योजिला होता कीं काय हें विद्वानांनीं ठरवावें. आम्हांस तो थोडासा ऐकूं येतो.

हें झालें संस्कृत नाटकांतील राजसभांचें. आमच्या सह्याद्रीच्या खेड्यांतलें काय, असें कोणी विचारील. नाणेघाटाशीं ज्या कुलाचें नांव जोडलेलें आहे त्याच सातवाहन कुलांतील हाल राजाच्या नांवावर ‘गाथासप्तशती’ चालते. १९५६ सालीं स. आ. जोगळेकरांनीं तिची मराठी आवृत्ति काढल्यापासून ती प्राकृत न जाणणारांसही मोकळी झाली आहे. त्यांतल्या शेतकऱ्यांच्या सुना, गवळणी, वाटसरूंस पाणी पाजणाऱ्या स्त्रिया यांचा सगळा व्यवहार डोळ्यांचा आहे. कार्ल्याच्या चैत्यगृहाच्या दर्शनी भिंतीवरील दंपतींच्या मूर्ति पाहाव्या. त्यांतील एकाही स्त्रीच्या मुखावर वस्त्र नाहीं. मग गुपित राहतें कशांत? तर बोलण्यांत. आनंदवर्धनानें ‘ध्वन्यालोकांत’ उदाहरणादाखल घेतलेली गाथा सर्वांस ठाऊक आहे. गोदातीरावरच्या झाडींत फुलांसाठीं येणाऱ्या एका धार्मिक गृहस्थास एक स्त्री सांगते कीं, महाराज, आतां निर्धास्त हिंडा. तुम्हांस भिवविणाऱ्या कुत्र्यास तेथें राहणाऱ्या सिंहानें मारलें. बिचारा कुत्र्यास भीत होता, तो आतां सिंहास भिऊन तिकडे फिरकणार नाहीं, आणि तिची संकेताची जागा मोकळी राहील. मुख उघडें, शब्द उघडे, निमंत्रणही उघडें, आणि अर्थ पडद्याआड. साहित्यशास्त्राचा एवढा मोठा ग्रंथ आपलें ध्वनीचें उदाहरण राजवाड्यांतून न घेतां गोदेच्या झाडींतून घेतो, याचा मराठी माणसास अभिमान वाटल्यास दोष नाहीं.

पदराचा आमच्या भाषेंतला थोर उल्लेख जनाबाईचा आहे. नामदेवाच्या घरची ही दासी डोक्यावरचें वस्त्र खांद्यावर आलें तरी भर बाजारांतून जाईन असें म्हणते. वारकऱ्यांच्या तोंडीं तें पद इतकें रुळलें आहे कीं त्यांतील धीटपणा जाणवेनासा झाला आहे. पदर म्हणजे कुळ व मान असेल, तर तो खांद्यावर टाकणें म्हणजे कुळ व मान दोन्ही टाकणें. दासीस कुळ कसलें आणि मान कसला, असा जो प्रश्न लोक तिला विचारीत असतील त्याचें उत्तरही त्यांत आहे: टाकून देतां येईल इतकें तरी तें आपलें आहे, असें ती ठरवून सांगते.

आतां ज्या प्रकरणासाठीं हा लेख हातीं घेतला त्याकडे वळतों. आतांपर्यंतचीं आवरणें वस्त्राचीं किंवा बोलण्याचीं होतीं. अक्षरांचेंही आवरण असतें, आणि मराठी वाङ्मयाच्या एका सबंध दालनावर तें शतकानुशतकें पडलेलें होतें. महानुभाव पंथाचे ग्रंथ सकळ, सुंदरी, अंक, शून्य अशा सांकेतिक लिपींत लिहिलेले असत. सकळ लिपींत एका अक्षराच्या जागीं दुसरें चिन्ह योजिलेलें असतें. किल्ली ज्याच्यापाशीं नाहीं त्यास तें बाड म्हणजे निव्वळ रेघोट्या. ज्यांनीं अशीं बाडें प्रथम हातीं घेतलीं असतील त्यांस आपण दारापर्यंत जाऊन परत आल्यासारखें वाटलें असेल. विसाव्या शतकाच्या आरंभीं वि. का. राजवाडे यांनीं ही किल्ली लावली, आणि वि. ल. भावे यांच्या ‘महाराष्ट्र सारस्वता’ंत त्या दालनाचें दर्शन वाचकांस झालें.

आंत निघालें काय? श्रीचक्रधरांच्या लीळा, सूत्रें, स्थळांच्या नोंदी, शिष्यांच्या आठवणी. म्हाइंभटानें तेराव्या शतकाच्या अखेरीस सिद्ध केलेल्या ‘लीळाचरित्रा’नें मराठी गद्याचा आरंभ कोठल्या कोठें मागें नेला. बाइसा, महदाइसा या स्त्रिया त्यांत मोकळेपणानें वावरतात, प्रश्न विचारतात, रुसतात, स्वामींशीं वादही घालतात. महदाइसेचे ‘धवळे’ तर मराठी स्त्रीच्या काव्याचा पहिला ठेवा. ज्यास गुप्त ठेवलें होतें तें असें निष्पाप होतें.

परंतु किल्ली लागण्यापूर्वींच्या शतकांत बाहेरच्या लोकांनीं काय केलें? लपविलें आहे त्या अर्थीं कांहीं तरी वावगें असलेंच पाहिजे, असा तर्क केला. ‘महानुभाव’चा ‘मानभाव’ झाला, आणि ‘मानभावी’ म्हणजे वरून साळसूद व आंतून कपटी असा अर्थ भाषेंत रुजला. आपण आजही एखाद्यास मानभावी म्हणतों तेव्हां एका सबंध पंथावर पुराव्यावांचून दिलेल्या निकालाची नक्कल करीत असतों. पडद्याचा बुरखा कसा होतो, गुप्ततेस अपराध कसा चिकटतो, आणि शेवटीं तो ओळखच कसा गिळतो, याचें याहून ठळक उदाहरण प्रस्तुत लेखकास मराठींत दुसरें दिसलें नाहीं.

या प्रकरणांत एक विसंगति आहे, आणि तीकडे दुर्लक्ष करणें प्रामाणिकपणाचें होणार नाहीं. ‘स्मृतिस्थळां’त अशी आठवण आहे कीं केशोबास संस्कृतांत रचना करूं पाहत असतां नागदेवाचार्यांनीं त्यांस अडविलें, तसें केल्यास आपल्या पंथांतल्या म्हाताऱ्या बाया वंचित होतील, असें त्यांचें म्हणणें. म्हणजे भाषा निवडली ती वृद्ध स्त्रियांस समजावी म्हणून, आणि पुढील पिढ्यांनीं लिपि निवडली ती इतरांस समजूं नये म्हणून. धर्मग्रंथ परक्यांच्या हातीं पडून त्यांची विटंबना होऊं नये, हा हेतु समजण्यासारखा आहे. पण त्या आवरणाची किंमत पंथास आपल्या नांवानें द्यावी लागली. केशोबासांस अडविणारा आचार्य सकळ लिपीस अनुकूळ झाला असता असें आम्हांस वाटत नाहीं.

संपादकही पडदा टाकतो, हें विसरतां कामा नये. वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७ च्या धामधुमींत उत्तर हिंदुस्थानांत सांपडले व परत आल्यावर पुष्कळ वर्षांनीं त्यांनीं ‘माझा प्रवास’ लिहिला. झांशीच्या लक्ष्मीबाईसाहेब कधीं पुरुषवेषांत तर कधीं स्त्रीवेषांत कशा दिसत, याचें त्यांनीं वर्णन केलें आहे. १८५४ सालीं लँग नांवाचा वकील बाईंच्या भेटीस गेला तेव्हां त्या पडद्याआड होत्या. दत्तक मुलानें पडदा एकदम ओढल्यामुळें त्यास त्यांचें क्षणभर दर्शन झालें. गोडशांच्या ग्रंथाचेंही असेंच झालें. चिं. वि. वैद्यांनीं १९०७ सालीं तो छापला, परंतु सरकारच्या भीतीनें व भाषेच्या नीटनेटकेपणासाठीं त्यांत फेरफार करून. मूळ हस्तलिखित भारत इतिहास संशोधक मंडळाकडे आलें, आणि द. वा. पोतदारांनीं १९६६ सालीं त्याबरहुकूम पाठ प्रसिद्ध केला, तेव्हां तो पडदा दूर झाला. वैद्यांस दोष देण्याची आमची इच्छा नाहीं. त्यांनीं छापलें नसतें तर गोडशांचें नांवही कोणास कळलें नसतें. पण साठ वर्षें महाराष्ट्र जें वाचीत होता तें झांकलेलें होतें, ही गोष्ट हस्तलिखितें बाळगणारांनीं ध्यानांत ठेवावी.

परतीच्या वाटेवर नारायणगांव लागतें. गुढीपाडव्याच्या सुमारास येथें तमाशांच्या फडांच्या राहुट्या पडतात आणि गांवोगांवचे पुढारी यात्रांच्या सुपाऱ्या देण्यास येतात. विठाबाई नारायणगांवकर (१९३५–२००२) यांचें नांव याच गांवाशीं जोडलेलें. जुन्या धाटणीच्या तमाशांत गण झाल्यावर गवळण येते. नाचणाऱ्या स्त्रिया प्रेक्षकांकडे पाठ करून, पदर दोन्ही हातांनीं डोक्यावर धरून प्रवेश करतात, आणि मग वळतात. ज्या स्त्रीचें मुख पाहण्यासाठीं गर्दी जमली आहे, ती प्रथम आपला पदर दाखवते. वसंतसेनेस जें वस्त्र राजानें दिलें, तें येथें कोणी दिलेलें नाहीं; ती तें स्वतः धरते व स्वतः सोडते. बाहेर गांवांत तिला जें ऐकावें लागतें तें वाचकांस सांगावयास नको. त्यानंतर मथुरेच्या बाजारास निघालेल्या गवळणी, त्यांची वाट अडविणारा कृष्ण, पेंद्या, आणि पुरुषानें लुगडें नेसून केलेली मावशी. या मावशीचा पदर तर वेगळ्या निबंधाचा विषय आहे.

या गवळणींच्या व वगांच्या हातानें लिहिलेल्या वह्या फडमालकांच्या व जुन्या कलावंतांच्या घरीं ट्रंकांतून पडलेल्या असतात. पेशवाईंतील एखाद्या चिठोऱ्यासाठीं आपण दहा कोस जातों. या वह्यांस मात्र वाळवी लागूं देतों, कारण त्यांच्या धन्यांचा पदर आपल्या घराण्यांशीं लागत नाहीं. जुन्नर व आंबेगांव या तालुक्यांत ज्यांच्या पाहण्यांत अशा वह्या असतील त्यांनीं त्या विकत किंवा फुकट मागूं नयेत. धन्याच्या घरींच बसून नक्कल करावी, गवळण कोणाची, कोणाच्या तोंडून उतरून घेतली, फड कोणता, साल कोणतें, आणि प्रवेशाच्या वेळीं पदराविषयीं कांहीं सूचना लिहिलेली आहे काय, हें टिपावें, व जिनें ती म्हटली तिचें नांव तिच्या परवानगीनें पूर्ण लिहावें.